जर्मन राष्ट्रवादाची वैचारिक मुळे: लिहिताना या चुका टाळा

या विषयावर निबंध किंवा सेमिनारचा पेपर लिहिताना सर्वांत मोठी गफलत कालक्रमाची होते. अठराव्या शतकातला जर्मन विचारवंत हेर्डर याच्यापासून हिटलरपर्यंत एक सरळ रेघ ओढली जाते आणि १७७०च्या दशकातल्या माणसाच्या तोंडी १९३०च्या दशकातले विचार घातले जातात. त्यावर उपाय असा: प्रत्येक विधानापुढे साल लिहा आणि त्या साली ‘जर्मनी’ म्हणजे नेमके काय होते, तेही लिहा. ६ ऑगस्ट १८०६पर्यंत पवित्र रोमन साम्राज्य, १८१५ ते १८६६ जर्मन राज्यसंघ, १८७१पासून एकसंध साम्राज्य. ‘हेर्डरने प्रशिया या प्रबळ जर्मन राज्याच्या नेतृत्वाखाली एकीकरण मागितले’ असले वाक्य मग आपोआप गळून पडते. तो १८०३ साली वारला, तेव्हा जुने साम्राज्य अजून उभे होते.

हेर्डरला आक्रमक राष्ट्रवादी ठरवणे ही दुसरी चूक. प्रत्येक लोकसमूहाचा स्वभाव त्याच्या भाषेत आणि गाण्यांत उमटतो, एकाच्या मापाने दुसऱ्याला मोजू नये, हे त्याचे म्हणणे. १७७८-७९च्या त्याच्या लोकगीतसंग्रहात जर्मन गाण्यांबरोबर लिथुएनियन, एस्टोनियन, स्पॅनिश गाणीही आहेत. स्लाव्ह लोकांविषयी त्याने आपुलकीने लिहिले, म्हणून चेक भाषा-संस्कृतीच्या पुनरुज्जीवनवाद्यांना तो जवळचा वाटला. जर्मन भाषांतरातले ‘शाकुंतल’ वाचून तो भारावून गेला होता. पण म्हणून त्याला निर्दोष ठरवून मोकळे होऊ नका. लोकसमूह हा सजीव देहासारखा एकजीव असतो, असे एकदा मानले की ‘मग या देहाबाहेरचा कोण?’ हा प्रश्न पुढच्या पिढीला विचारता येतो. तो तिने विचारलाही.

सर्वाधिक चुका तत्त्वज्ञ फिक्टे याच्याबाबत होतात. ‘जर्मन राष्ट्रास उद्देशून भाषणे’ ही चौदा व्याख्याने त्याने डिसेंबर १८०७ ते मार्च १८०८ या काळात बर्लिनमध्ये दिली. ऑक्टोबर १८०६मध्ये येना-आउअरश्टेटच्या लढाईत नेपोलियनच्या सैन्याकडून प्रशियाचा धुव्वा उडाला होता आणि बर्लिनमध्ये फ्रेंच सैन्य होते. एवढी पार्श्वभूमी दिली नाही, तर भाषणांतला आवेश निव्वळ युद्धखोरीसारखा वाटतो. प्रत्यक्षात त्यांत सशस्त्र उठावाचे आवाहन नाही. त्याची योजना शिक्षणाची आहे, आणि तिचा पाया स्विस शिक्षणतज्ज्ञ पेस्टालोझीच्या पद्धतीत आहे.

फिक्टेचे कोणतेही अवतरण घेताना व्याख्यानाचा क्रमांक द्या. चौथ्यात तो म्हणतो की जर्मनांनी आपली मूळ भाषा जिवंत राखली, तर इतर जर्मानिक (म्हणजे जर्मनांशी मूळ नाते असलेल्या) लोकांनी परकी भाषा उचलली. इथे कसोटी भाषेची आहे. वंशशुद्धीला तो महत्त्व देत नाही. सातव्यात तर आत्मिकता आणि स्वातंत्र्य मानणारा माणूस, कुठेही जन्मलेला आणि कोणतीही भाषा बोलणारा असो, आपलाच ठरतो. फक्त चौथे उद्धृत केले तर फिक्टे अहंकारी दिसतो आणि फक्त सातवे घेतले तर विश्वबंधुत्ववादी. दोन्ही शेजारी ठेवा. ती ओढाताण हाच अभ्यासाचा खरा विषय आहे. त्याच्या १७९३च्या पुस्तकातला ज्यूद्वेष्टा मजकूरही झाकू नका. फ्रेंच राज्यक्रांतीची पाठराखण त्याच पुस्तकात आहे.

तत्त्वज्ञ कांटला जर्मन राष्ट्रवादाचा थेट जनक म्हणू नये. त्याचा १७९५चा शाश्वत शांततेवरचा निबंध राष्ट्राराष्ट्रांच्या संघाबद्दल बोलतो. व्यक्तीने स्वतःचा नियम स्वतः घालून घ्यावा, ही त्याची कल्पना पुढे समूहाला लावली गेली, असा युक्तिवाद करता येतो. पण तो युक्तिवाद म्हणूनच मांडा.

तत्त्वज्ञ हेगेलबाबतही सावध राहा. १८ ऑक्टोबर १८१७ला वार्टबुर्ग किल्ल्यावर भरलेल्या राष्ट्रवादी विद्यार्थ्यांच्या मेळाव्यात बोलणाऱ्या याकोब फ्रीस या तत्त्वज्ञावर त्याने आपल्या ‘विधितत्त्वज्ञान’ (कायद्याचे तत्त्वज्ञान) या ग्रंथाच्या प्रस्तावनेत कडाडून हल्ला चढवला. हेगेलचा भर राज्यसंस्थेवर आणि कायद्यावर आहे, लोकभावनेवर नाही. परक्यांना राष्ट्राबाहेर ठेवण्याची धार शोधायची असेल तर आर्न्ट आणि यान हे राष्ट्रवादी लेखक आणि १८१६ साली ज्यूंविरुद्ध पुस्तिका लिहिणारा हाच फ्रीस यांच्याकडे वळा.

‘सांस्कृतिक राष्ट्र’ (समान भाषा-संस्कृतीवर उभे) विरुद्ध ‘राजकीय राष्ट्र’ (समान राज्यसंस्थेवर उभे) ही जोडी हेर्डरच्या नावावर खपवू नका. ती इतिहासकार फ्रीड्रिख माइनेकेच्या १९०८च्या ग्रंथामुळे रूढ झाली. आणि त्या काळचा राष्ट्रवाद हा राज्यकर्त्यांचाच डाव होता, असेही लिहू नका: जर्मन राज्यांनी केलेल्या १८१९च्या कार्ल्सबाड ठरावांनी याच राष्ट्रवादी चळवळीतल्या विद्यार्थी संघटनांवर बंदी घातली आणि वृत्तपत्रांवर सेन्सॉर बसवला.