लैंगिक अत्याचाराच्या खटल्याचं अपील: साक्ष तोलताना होणाऱ्या या चुका टाळा

सेशन्स कोर्टात शिक्षा झालेला आरोपी हायकोर्टात सुटला, की दोन प्रतिक्रिया ठरलेल्या: 'म्हणजे ती खोटं बोलत होती' आणि 'वर मॅनेज झालं'. निकालपत्र उघडलं तर बहुतेकदा तिसरंच काही निघतं. साक्ष नोंदवताना राहिलेली एखादी फट वकिलाने अपिलात नेमकी पकडलेली असते.

हायकोर्टात नव्याने साक्ष होईल असं समजणं

होत नाही. वरचं कोर्ट पेपर बुक वाचतं: फिर्याद, पंचनामे, वैद्यकीय अहवाल, सरतपास (साक्षीदाराला बोलावणाऱ्या बाजूच्या वकिलाने विचारलेले प्रश्न), उलटतपास. जादा पुरावा घेण्याचा अधिकार अपिली कोर्टाला आहे, पण तो क्वचितच वापरला जातो. पिंजऱ्यात बाई पाच मिनिटं गप्प उभी राहिली, रडली, आरोपीकडे बघेना, यातलं काहीही कागदावर आपोआप उतरत नाही. साक्षीदाराच्या हावभावाविषयी शेरा नोंदवायची तरतूद कायद्यात आहे. सरकारी वकिलाने तेव्हाच न्यायाधीशांना तशी विनंती करावी. अपिलात 'ती किती खरेपणाने बोलत होती' हे सांगून काही उपयोग नाही.

प्रत्येक तफावत सारखीच मोजणं

सगळ्यात जास्त गोंधळ इथे होतो. 1983 च्या भारवाडा भोगीनभाई खटल्यात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की साक्षीदाराची स्मरणशक्ती म्हणजे व्हिडिओ टेप नसते. वेळ, अंतर, कोण आधी आलं, कोण नंतर, यात माणूस अंदाजानेच बोलतो. अशा किरकोळ फरकांनी मूळ घटना खोटी ठरत नाही. आरोपी कोण, कृत्य काय आणि ते कोणत्या परिस्थितीत घडलं, यात फरक पडला तर मात्र गोष्ट गंभीर.

आता वगळलेल्या मजकुराचं बघा. पीडिता कोर्टात सांगते, 'त्याने ओढणीने तोंड दाबलं.' पोलीस जबाबात ओढणी नाही. बचावाचा वकील विचारतो, ती म्हणते, 'मी पोलिसांना सांगितलं होतं. त्यांनी का लिहिलं नाही, याचं कारण सांगता येणार नाही.' हे वाक्य आपल्याकडच्या जवळजवळ प्रत्येक उलटतपासात सापडेल. पण गोष्ट इथे संपत नाही. हाच प्रश्न तपास अधिकाऱ्याला विचारून 'साक्षीदाराने तसं सांगितलं नव्हतं' हे त्याच्याकडून यावं लागतं. ते राहिलं तर वगळणूक (म्हणजे ही बाब तिने पोलिसांना सांगितलीच नव्हती हे) सिद्धच झाली नाही, आणि अपिलात तिच्यावर बांधलेला युक्तिवाद कोसळतो. नवखे वकील इथे हटकून घसरतात. दुसऱ्या बाजूला सरकारी वकील सवयीने 'फेरतपास (उलटतपासानंतर आपल्याच साक्षीदाराला पुन्हा विचारायचे प्रश्न) नाही' म्हणून खाली बसतात. जबाब कोणी लिहिला, तो तिला वाचून दाखवला का, एवढं फेरतपासात विचारलं असतं तरी वरच्या कोर्टाला धरायला काहीतरी मिळालं असतं.

'दुसरा पुरावा कुठे आहे?'

एकट्या पीडितेच्या साक्षीवर शिक्षा होऊ शकते. महाराष्ट्रातल्याच एका फौजदाराच्या खटल्यात (महाराष्ट्र राज्य विरुद्ध चंद्रप्रकाश जैन, 1990) हायकोर्टाने त्याला सोडलं होतं. सुप्रीम कोर्टाने ती सुटका रद्द करून खालच्या कोर्टाची शिक्षा पुन्हा लागू करताना म्हटलं की पीडितेला गुन्ह्यातल्या साथीदारासारखं संशयाने बघायचं नसतं, तिची साक्ष जखमी साक्षीदाराच्या तोडीची असते.

याचा अर्थ तिने सांगितलं आणि शिक्षा झाली, असाही नाही. राय संदीप प्रकरणात (2012) सुप्रीम कोर्टाने कसोटी घातली: पहिल्या जबाबापासून उलटतपासापर्यंत गाभा तोच हवा आणि बाकीच्या पुराव्याशी त्याचा मेळ बसायला हवा. तो बसत नसेल तर कोर्ट आधार शोधतं. माझ्या मते या निकालातली इंग्रजी विशेषणं वकील उगाच घोकतात. एकच साक्ष पुरेशी का वाटते, याची कारणं पानांनिशी मांडणं जास्त कामाचं.

'आरडाओरडा का केला नाही?'

देसाईगंज पोलीस ठाण्यात 1972 साली एका आदिवासी मुलीवर अत्याचार झाल्याच्या खटल्यात आरोपी पोलीस सेशन्स कोर्टात सुटले. हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाने दोन पोलिसांना शिक्षा दिली. सुप्रीम कोर्टाने 1978 मध्ये ती रद्द केली, आणि त्यात अंगावर जखमा नाहीत याला मोठं वजन दिलं. उपेंद्र बक्षी, वसुधा धागमवार, रघुनाथ केळकर आणि लोतिका सरकार यांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं, देशभर मोर्चे निघाले आणि 1983 मध्ये कायदा बदलला. आज जखम नाही किंवा फिर्याद उशिरा दिली, एवढ्यावर साक्ष झिडकारता येत नाही. मात्र उशिराचं कारण साक्षीत आलेलं हवं. ते अपिलात पहिल्यांदा सांगून चालत नाही.

सुटकेविरुद्धचं अपील साधं समजणं

शिक्षेविरुद्धच्या अपिलात आरोपीला एक वाजवी शंका दाखवली की पुरे. सुटकेविरुद्ध जाताना चढ आहे. कोर्टाला सगळा पुरावा तपासता येतो, पण दोन निष्कर्ष सारखेच शक्य असतील तर सुटकेला हात लावत नाहीत (चंद्रप्पा विरुद्ध कर्नाटक, 2007). म्हणून 'पीडितेवर विश्वास ठेवायला हवा होता' एवढं लिहून भागत नाही. खालच्या न्यायाधीशाने कोणती निशाणी (पुराव्यातला क्रमांक दिलेला कागद) वाचलीच नाही, कुठलं वाक्य अर्धवट घेतलं, ते दाखवावं लागतं.

पीडितेला स्वतः अपील करता येतं: जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 372, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं 413. सुटका, कमी गंभीर गुन्ह्यात दोषी ठरवणं किंवा अपुरी भरपाई, एवढ्यासाठीच. शिक्षा कमी वाटली म्हणून तिला या कलमाखाली जाता येत नाही, ते सरकारने करायचं असतं. आणि अपील दाखल करताना तिला आपली ओळख उघड करण्याची गरज नाही, हे सुप्रीम कोर्टाने 2018 मध्ये निपुण सक्सेना प्रकरणात सांगितलं आहे. तरीही अपील मेमोच्या (अपिलाच्या अर्जाच्या) पहिल्याच पानावर तिचं पूर्ण नाव आणि गाव टाइप केलेलं दिसतं. दाखल करण्याआधी जोडपत्रांसकट सगळी पानं त्यासाठी तपासावीत.