वेल्डिंगची मानके रीतसर कशी मिळवावीत

नागपूरजवळच्या हिंगणा किंवा बुटीबोरीच्या औद्योगिक वसाहतीत फॅब्रिकेशनची कामे घेणाऱ्या लहान कारखानदाराला निविदेत एखाद्या मानकाचा क्रमांक दिसला की ओळखीतून व्हॉट्सअॅपवर पीडीएफ मागवण्याचा मोह होतो. त्याआधी ते मानक कोणत्या संस्थेचे आहे हे पाहावे.

क्रमांकापूर्वी आयएस (इंडियन स्टँडर्ड, म्हणजे भारतीय मानक) असेल तर चोरट्या प्रतीची गरजच उरत नाही. भारतीय मानक ब्यूरोच्या संकेतस्थळावर नावनोंदणी केल्यावर देशात तयार झालेली मानके विनामूल्य मिळतात. इलेक्ट्रोडसाठी आयएस 814, वेल्डरच्या पात्रता चाचणीसाठी आयएस 7310 आणि सुरक्षिततेसाठी आयएस 818 ही आधी उतरवून घ्यावीत. आयएसओ या आंतरराष्ट्रीय मानक संघटनेकडून जशीच्या तशी स्वीकारलेली मानके मात्र विकत घ्यावी लागतात. शंका असल्यास ब्यूरोचे शाखा कार्यालय नागपुरातच आहे.

पोलादी बांधकामासाठी अमेरिकन वेल्डिंग सोसायटीचे डी1.1 हे मानक मागितले असेल, तर करारात लिहिलेले आवृत्तीचे वर्ष तपासून तीच आवृत्ती विकत घ्यावी. 2015 च्या आवृत्तीत वेल्डिंग पद्धती आणि वेल्डर यांच्या पात्रतेचे नियम चौथ्या प्रकरणात होते. 2020 मध्ये ते सहाव्यात गेले आणि चौथ्यात वेल्ड केलेल्या जोडांच्या आराखड्याचे नियम आले. हातोहात फिरलेल्या जुन्या प्रतीवरून डब्ल्यूपीएस (वेल्डिंग कसे करायचे याचे लेखी तपशील) लिहिणारा मनुष्य कलमांचे चुकीचे संदर्भ देतो, आणि नंतरचे शुद्धिपत्रही बहुधा त्याच्यापर्यंत पोहोचत नाही.

ही सोसायटी 1919 पासूनची ना-नफा संस्था आहे. तिच्या समित्यांवरील तज्ज्ञ स्वेच्छेने काम करतात, तरी संपादन, बैठका आणि कर्मचारी यांना खर्च येतोच, आणि मानकांची विक्री हे तिच्या उत्पन्नाचे एक साधन आहे. वेल्डिंगच्या सुरक्षिततेचे झेड49.1 हे मानक ती कोणालाही फुकट देते. वेल्डिंगचा धूर माणसाला कर्करोगकारक असल्याचे जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने ठरवलेले असताना, हे फुकटचे काम ज्या उत्पन्नावर उभे आहे ते चोरट्या प्रती वापरून आटवणे मला गंभीर वाटते. त्याची झळ शेवटी शेडमध्ये जॉब धरून उभ्या असलेल्या हेल्परलाच लागते.

किंमत परवडत नसेल तर ती दरपत्रकातच धरावी, किंवा कामापुरती अधिकृत प्रत ग्राहकाने दाखवावी अशी अट करारात घालावी. विकत घेतलेल्या प्रतीच्या झेरॉक्स वाटू नयेत, कारण कॉपीराइट कायदा, 1957 येथेही लागू होतो. त्याऐवजी मानक वाचून आपल्या कामाच्या सूचना स्वतःच्या शब्दांत, मराठीत लिहून मशीनजवळ लावाव्यात आणि त्याखाली आवृत्तीचे वर्ष नोंदवावे.