तंबोऱ्याची जवारी: कानस सगळ्यात शेवटी

तार बंद, म्हणजे दबकी बोलायला लागली की लगेच घोडीवर (तारा जिच्यावर टेकतात ती हाडाची पट्टी) कानस चालवू नका. बहुतेक वेळा दोष तारेत किंवा तार आणि घोडी यांच्यामधल्या दोऱ्यात असतो. तार काळवंडली, गंजली किंवा घोडीवर वाकली असेल तर आधी बदला. जुन्या तारेवर काढलेली जवारी (गुंजन येईल असा घोडीच्या माथ्याला दिलेला उतार) नव्या तारेला बसेलच असं नाही. मग चारही तारा प-सा-सा-खर्ज (खालचा सा) अशा नीट सुरात लावा आणि एकेका तारेखालचा दोरा केसभर पुढेमागे सरकवत तार छेडत राहा. एका जागी आवाज एकदम खुलतो, गुंजन लांबतं. तिथंच थांबा. फार जाड दोरा आवाज दाबतो. शिवणाच्या सुती दोऱ्याचा एक पदर पुरतो.

तरीही खरखर असेल तर घोडी दिव्याखाली तिरकी बघा. तारांच्या जागी चकचकीत चरे दिसले तर कानशीला पर्याय नाही. घोडीची जागा तबलीवर (भोपळ्यावरची लाकडी फळी) पेन्सिलीनं आखून ठेवा आणि मगच तारा सैल करा. घोडीच्या माथ्यावर आडव्या रेघा ओढून बारीक सपाट कानस तारेच्या दिशेनं, हलक्या हातानं फिरवा. रेघ आधी पुसली जाते तिथं उंचवटा आहे. मण्यांकडचा (सूर बारीक जुळवायला तारेत ओवलेले मणी) भाग जवळजवळ सपाट हवा, दांडीकडचा नकळत उतरता. उतार जास्त झाला तर आवाज बंद होतो. फारच सपाट राहिली तर चिरका, झणझणीत येतो. चरा मात्र पुरता गेला पाहिजे, नाहीतर तार पुन्हा त्यातच जाऊन बसते. खर्जाची जाड तार जास्त झुलते, म्हणून तिच्याखाली उतार किंचित वेगळा लागतो. ती शेवटी घ्या.

चार-पाच हात फिरवले की तार चढवून ऐका. कंटाळवाणं आहे खरं, पण काढलेलं हाड परत चिकटवता येत नाही. कारागिराचा दिवस एका घोडीत का जातो, ते इथं कळतं. शेवटी ४०० आणि मग ६०० नंबरचा पॉलिश पेपर. हाडाची धूळ नाकात जाते, मास्क लावा.

घोडी जुनी, शिंगाची असेल तर हा प्रयोग तिच्यावर नको, मिरजेला न्या. तिथल्या सतार-तानपुऱ्यांना २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, पण हे काम करणारी घराणी त्याच्या कितीतरी आधीपासूनची आहेत.

दुसऱ्या दिवशी पुन्हा ऐका. पावसाळी हवेत लाकूड फुगतं, आवाज बदलतो. तेव्हा फक्त दोरा सरकवायचा.