कालव्यात गेलेल्या जमिनीचा वाढीव मोबदला

कालव्यासाठी आमचं वावर गेलं. भूसंपादनाच्या निवाड्यात, म्हणजे मोबदला ठरवणाऱ्या आदेशात, ते जिरायत धरलं होतं. विहीर, ठिबक, डाळिंबाची बाग, सगळं डोळ्यांदेखत असताना! संयुक्त मोजणीच्या वेळी विहीर नोंदवली होती, पण निवाड्यापर्यंत ती कुठं गडप झाली, देव जाणे.

रक्कम उचलली, पण पावतीवर 'हरकत राखून स्वीकारली' असं लिहूनच सही केली. हे फार महत्त्वाचं. बिनहरकत पैसे घेतले तर २०१३ च्या भूसंपादन कायद्यात वाढीव मोबदल्याचा अर्जच करता येत नाही. मग कलम ६४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज दिला. निवाड्याच्या वेळी हजर असाल तर मुदत सहा आठवडे. पोच शिक्क्यासह घ्यावी, नुसत्या 'ठेवून जा'वर भागवू नये.

खरा जोर पुराव्यावर. तलाठ्याकडून जुने सातबारे काढले. पीकपाहणीत डाळिंब आणि विहीर स्पष्ट होती. दुय्यम निबंधकांकडून शेजारच्या बागायती खरेदीखतांच्या नकला घेतल्या, भूसंपादनाच्या अधिसूचनेआधीच्या तीन वर्षांतल्या. नंतरचे चढे भाव दाखवून उपयोग नसतो, वकिलांनी आधीच बजावलं होतं.

जिल्हाधिकाऱ्यांनी अर्ज ज्यांच्याकडे पाठवला, त्या भूसंपादन प्राधिकरणानं बागायती दर धरला. दर वाढला की त्यावरची शंभर टक्के दिलासा रक्कमही (जमीन सक्तीनं गेल्याबद्दलची जादा रक्कम) वाढते, शिवाय व्याज. झाडांचं मूल्यांकन मात्र कमीच राहिलं. त्यासाठी उच्च न्यायालयात अपील केलंय. भावकीतल्या ज्यांनी अर्जच केला नव्हता, त्यांनी आमच्या निकालापासून तीन महिन्यांच्या आत कलम ७३ खाली तसाच वाढीव मोबदला मागणारे अर्ज टाकले.