जुनं फुटेज पुरवताय? या चुका टाळा

"जुनी मुंबई पाठवा ना, आजच लागेल" असा मेसेज आला की लगेच हार्ड डिस्क उघडून क्लिपा पाठवत सुटू नका. कुठलं साल, कुठला भाग, किती सेकंद, फिल्म कुठे दाखवणार, हे आधी विचारा. आणि फिल्मच्या डब्यावरच्या लेबलवर तर अजिबात विसंबू नका, तिथली तारीख बऱ्याचदा कॉपी काढल्याची असते, शूटिंगची नसते. लेबल म्हणतंय १९७० आणि फ्लोरा फाउंटनला मागून ट्राम चाललीय, तर लेबल चुकलंय, कारण मुंबईची शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ ला धावली. फ्रेम थांबवून बस, पाट्या, पोस्टरं बघा, नाहीतर १९८२ चा गिरणी संप म्हणून भलताच मोर्चा पडद्यावर जातो.

सगळ्यात जास्त डोकेदुखी टाइमकोडची, म्हणजे प्रत्येक फ्रेमची जागा सांगणाऱ्या आकड्यांची. स्क्रीनरवर, म्हणजे आधी बघायला दिलेल्या कॉपीवर, वॉटरमार्क आणि टाइमकोडचे आकडे असतात, एडिटरला ते नजरेत खुपतात, मग तो झूम करून आकडे फ्रेमबाहेर ढकलतो, फाइलला नाव देतो 'ओल्ड बॉम्बे फायनल २' आणि पिक्चर लॉक झाल्यावर, म्हणजे एडिट पक्का झाल्यावर, फोन येतो, मास्टर (पूर्ण दर्जाची मूळ प्रत) द्या. कुठल्या रीळमधला, कुठून कुठपर्यंत? कोणालाच पत्ता नाही, मग फोनवर "तो टोपीवाला वळतो ना, तिथपासून" असं चालू. स्क्रीनर देतानाच बजावून सांगा की फाइलचं नाव बदलायचं नाही आणि आकडे लॉकपर्यंत दिसले पाहिजेत. गोंधळ झालाच असेल तर प्रत्येक शॉटची पहिली आणि शेवटची फ्रेम मागवून घ्या, त्यावरून शोधा, आणि मास्टर कापताना दोन्ही टोकांना सेकंदभर जास्त ठेवा.

"यूट्यूबवर आहे म्हणजे फ्री" यावर आता हसूही येत नाही. आपल्याकडे फिल्मचा कॉपीराइट प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं, म्हणजे १९६० ची फिल्म २०२० संपेपर्यंत. तो संपला तरी मास्टर ज्याच्याकडे आहे तो स्कॅनिंगचे पैसे घेणारच, आणि मागे गाणं वाजत असेल तर त्याचा हिशोब वेगळा, गीतकार-संगीतकार गेल्यानंतरही ६० वर्षं. सोप्पा उपाय, आवाज काढून द्या. अजून एक, निर्माता स्वस्तात फक्त फेस्टिव्हलचं लायसन्स घेतो आणि नंतर फिल्म ओटीटीवर गेली की धावत येतो, तेव्हा भाव करायला त्याच्या हातात काही उरत नाही. दोन्ही रेट पहिल्याच कोटेशनमध्ये लिहून टाका, भांडणं वाचतात.

जुनी चौकोनी (४:३) फ्रेम आजच्या रुंद १६:९ मध्ये भरली की उंचीचा पाव हिस्सा जातो आणि पुढाऱ्यांची डोकी उडतात. बाजूला काळ्या पट्ट्या राहू द्या, काही बिघडत नाही. टेपवरच्या फुटेजमध्ये धावत्या गाडीच्या कडेला कंगव्यासारख्या रेषा दिसल्या तर "तुमचा मास्टर खराब आहे" असा फोन येणारच, पण मास्टर बहुतेक वेळा ठीक असतो, एडिटरने इंटरलेस्ड क्लिप (जिची प्रत्येक फ्रेम एकाआड एक ओळींच्या दोन फील्डमध्ये असते) प्रोग्रेसिव्ह, म्हणजे अख्ख्या फ्रेमची, समजून टाइमलाइनवर टाकलेली असते. फील्ड सेटिंग बघायला सांगा, आधी डीइंटरलेस करा, म्हणजे फील्डपासून अख्खी फ्रेम बनवा, आणि मगच साइज बदला. उलट क्रमाने केलं असेल तर त्या रेषा कायमच्या बसल्या, मूळ फाइल परत पाठवायची.