ढोलाच्या थापेवर एलईडी पेटवणारा रेझोनेटर

रेझोनेटर म्हणजे ठरावीक सुरालाच जोरात घुमणारा पोकळ नळा. इथे तो ढोलाच्या आवाजातून थोडी वीज काढतो. आधी अपेक्षा ठरवून घ्या. ११० डेसिबल म्हणजे कानठळ्या बसवणारा आवाज, तरी त्यात दर चौरस मीटरला जेमतेम ०.१ वॉट असतो. त्यातला १ मिलिवॉट तारेत उतरला तरी काम झक्कास झालं म्हणायचं. या हिशोबाने ५,००० एमएएचचा मोबाइल चार्ज करायला ढोल पथकाला दोन वर्षांहून जास्त काळ, रात्रंदिवस वाजवावं लागेल. लाल एलईडी मात्र पेटतो, आणि विज्ञान प्रदर्शनाला तेवढं पुरतं.

बझरमधल्या पितळी पिझो चकत्या (दाबल्यावर वीज देणाऱ्या) घेऊ नका. त्यांचा स्वतःचा सूर दोन-तीन हजार हर्ट्झच्या आसपास असतो. ढोलाची थाप त्याच्या कितीतरी खाली. इथे जुना स्पीकरच उलटा वापरायचा: पडदा हलला की कॉइलमध्ये वीज येते.

सामान साधं आहे: १६० मिमी पीव्हीसी पाइप ६० सेंमी, त्याचं एक एंड कॅप (झाकण), मानेसाठी, म्हणजे नळ्याच्या अरुंद तोंडासाठी, ५० मिमी पाइपचा तुकडा, १२ मिमी प्लायवूड, ४ इंची ८ ओहम स्पीकर, ६-०-६ चा छोटा ट्रान्सफॉर्मर, चार बीएटी८५ डायोड, १,००० मायक्रोफॅरड २५ व्होल्टचा कपॅसिटर, ५.१ व्होल्टचा झेनर (त्याहून जास्त व्होल्टेज चढू न देणारा डायोड), १ किलोओहमचा रेझिस्टर, पुश बटण, लाल एलईडी. इलेक्ट्रॉनिक्सचं सामान नाशिकच्या एमजी रोडवर मिळेल. स्पीकर रबरी कडेचा बघून घ्या. जुन्या टीव्हीतला कागदी कडेचा स्पीकर फार ताठ असतो, थापेला दाद देत नाही.

सगळ्यात जास्त वेळ सुरावर घालवा. सरावाच्या वेळी दोन-तीन मीटरवरून फोनवरच्या स्पेक्ट्रम अ‍ॅपने थापेच्या बाजूचा सर्वात ठळक आकडा टिपा. टिपराच्या बाजूचा नको. फोन ढोलाला चिकटवला तर माइकमधला आवाज फाटतो आणि भलतेच आकडे दिसतात. चामडी पान असेल तर पावसाळी हवेत ते सैल पडतं आणि सूर उतरतो, म्हणून मोजमाप त्याच दिवशी करा. पथकातले सगळे ढोल एका सुरात नसतात. ज्याच्याजवळ नळा ठेवणार, तोच मोजा.

पाइपच्या पोटात साधारण ११ लिटर हवा मावते. मानेतली हवा वजनासारखी आणि पोटातली स्प्रिंगसारखी वागते. मान लांब केली की सूर खाली जातो, पोट लहान केलं की वर. कागदावरचे आकडे असे: मान १० सेंमी असेल तर सुमारे ५९ हर्ट्झ, ८ सेंमीला ६४, ५ सेंमीला ७५, ३ सेंमीला ८५. मानेच्या दोन्ही टोकांबाहेरची थोडी हवाही सोबत हलते, ती यात धरली आहे. तरी स्पीकर बसवल्यावर हे आकडे सरकतात, कारण त्याचा पडदाही स्प्रिंगसारखा वागतो. म्हणून मान आधी कायमची चिकटवू नका. एंड कॅपला होल सॉने (गोल भोक पाडणाऱ्या करवतीने) भोक पाडा, मानेला इन्सुलेशन टेपचे वेढे द्या. ती घट्ट बसली पाहिजे, पण जोर लावला की निघाली पाहिजे, म्हणजे वेगळ्या लांबीचा तुकडा बसवता येईल.

प्लायची चकती पाइपच्या आतल्या मापाची कापून तिच्यावर स्पीकर बसवा आणि ती पाइपच्या उघड्या टोकात घाला, चुंबक आत, पडदा बाहेर. तारेच्या भोकासकट सगळ्या फटी एम-सीलने बुजवा. मग तळहाताने मान बंद करून पडदा हलकेच दाबा. तो गादीसारखा विरोध करून सावकाश परत आला तर ठीक, लगेच उसळला तर कुठेतरी गळती आहे. पिनाएवढी फटही बराच जोर खाते.

स्पीकरमधून व्होल्टचा एखादा दशांशच मिळतो, आणि तेवढा डायोडच गिळतो. म्हणून ट्रान्सफॉर्मर उलटा जोडा: स्पीकर ६ आणि ० च्या टोकांना, चार डायोडचा ब्रिज (एसीची डीसी करणारी जोडणी) २३० च्या बाजूला. व्होल्टेज सुमारे ३८ पट होतं. हा ट्रान्सफॉर्मर ५० हर्ट्झसाठीच बनलेला असल्यामुळे ६०-८० ला तो आरामात चालतो. ब्रिजनंतर कपॅसिटर आणि त्याला समांतर झेनर. झेनर टाळू नका. कुणी पडद्यावर टिचकी मारली तरी २३० च्या बाजूला तीस-चाळीस व्होल्ट उसळू शकतात. ट्रान्सफॉर्मरला घरच्या सॉकेटपासून कायम दूर ठेवा, तशी चिठ्ठीच चिकटवा. बटण, रेझिस्टर आणि एलईडी एका माळेत कपॅसिटरवर जोडा. १ मिलिवॉटने कपॅसिटर ५ व्होल्टला यायला हिशोबाने १२-१३ सेकंद, प्रत्यक्षात जास्त. बटण दाबलं की सेकंदभर ठळक चमक. मोठा सुपरकपॅसिटर लावण्याचा मोह होतो, पण त्याची स्वतःची गळतीच सगळी कमाई खाऊ शकते.

आता घरच्या वूफरवर टोन जनरेटर (हव्या त्या हर्ट्झचा सूर वाजवणारं अ‍ॅप) लावून ५० ते ११० हर्ट्झ एकेक हर्ट्झने चढवा आणि स्पीकरच्या टोकांवर मल्टिमीटरने एसी मिलिव्होल्ट बघा. शिखर ढोलाच्या आकड्याच्या वर आलं तर मान लांब करा, खाली आलं तर आखूड. दोन शिखरं दिसली तर गोंधळू नका. एक नळ्याचं, एक स्पीकरचं. दोन-तीन हर्ट्झच्या फरकासाठी जीव आटवू नका. थाप क्षणात विरते, त्यामुळे फार टोकदार सुराचा इथे उपयोगच नाही. शिवाय नाशिकच्या थंडीत पहाटे जुळवलेला नळा मेच्या दुपारी आपोआप तीनेक हर्ट्झ वर चढतो.

मैदानावर मान ढोलाकडेच हवी असं नाही, कारण ७५ हर्ट्झची लहर साडेचार मीटरहून लांब असते. दोन भिंतींचा कोपरा मिळाला तर तिथेच ठेवा, दाब वाढतो. गोदाकाठी मोकळ्यावर वारा मानेत शिरून पडदा उगाच हलवतो. तोंडावर मच्छरदाणीची जाळी चालेल, फोम नको. कानात इअरप्लग घाला, आणि चाचणी रात्री १० च्या आत उरका.

सातपूर-अंबडच्या कारखान्यात एकसुरी घरघर मिळाली तर ती ढोलाहून सोयीची, कारण सूर बदलत नाही. ट्रान्सफॉर्मरची गुणगुण १०० हर्ट्झची असते, पण त्यासाठी रस्त्यावरच्या डीपीजवळ अजिबात जायचं नाही.