रैयोलीला निघण्याआधी: नळी, लुगडं आणि रिकामे खिसे

गेल्या खेपेला आम्ही तयारी म्हणून कपडे आणि फराळ एवढंच धरलं आणि तिथंच फसलो. कोल्हापुरातून मजल दरमजल करत गुजरातेत बालासिनोरजवळच्या रैयोलीला, म्हणजे डायनासोरचे जीवाश्म असलेल्या जागी पोचलो, कुंपणाच्या आत गेलो, आणि भाच्यानं पहिलाच प्रश्न टाकला, "मामा, डायनासोर कुठाय?" हाड त्याच्या पायापासून हातभर अंतरावर होतं. दगडात रुतलेलं, दगडासारखंच दिसणारं. खरं सांगायचं तर गाईडनं बोट ठेवेपर्यंत मलाही दिसलं नव्हतं. म्हणून या डिसेंबरात जे सोबत येणार आहेत त्यांनी बॅग नंतर भरा, आधी डोळे तयार करा.

सुरुवात रविवारच्या मटणापासून. रश्श्यातली नळी चोखून झाली की टाकू नका. पुन्हा उकळा, घासा, चार दिवस गच्चीवर वाळवा (मांजरापासून सांभाळून). तुटलेल्या टोकाशी आत जाळी दिसेल, चांगल्या जमलेल्या अनारशासारखी. कोट्यवधी वर्षांत त्या जाळीच्या भोकांत खनिजं भरतात, हाड जड होतं, पण नक्षी शिल्लक राहते. रैयोलीच्या खडकात पोरांनी तीच नक्षी शोधायची. अंड्याचंही तसंच. कोंबडीच्या अंड्याचं अर्धं कवच कुंडीतल्या ओल्या मातीत दाबा, वरून हलकेच माती खरवडा. उरते ती एक बारीक गोल रेघ. तिथल्या खडकात अंडी बहुतेक अशीच दिसतात, 15 ते 20 सेंटिमीटर व्यासाची वर्तुळं. ती टायटॅनोसॉर जातीच्या, लांब मानेच्या शाकाहारी प्राण्यांची.

मग आजीचं नऊवारी लुगडं मागून घ्या आणि गल्लीत लांब पसरा. साधारण सव्वाआठ मीटर भरतं. रैयोलीचं नाव मिळालेला डायनासोर रैयोलीसॉरस जवळपास तेवढा लांब होता. त्याचं नामकरण 2010 सालचं. त्याचा भाऊबंद राजासॉरस नर्मदेन्सिस, डोक्यावर एकच बुटकं शिंग असलेला मांसाहारी. त्याची हाडं भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या सुरेश श्रीवास्तव यांनी 1982 ते 84 या काळात गोळा केली, आणि नाव पडायला 2003 उजाडलं. आता तेच लुगडं अर्ध्यात दुमडा आणि हातभर आणखी आत घ्या. हा सनाजे, साडेतीन मीटरचा साप. त्याच भागातल्या ढोली डुंगरी गावाजवळ तो डायनासोरच्या घरट्यात, फुटक्या अंड्याभोवती वेटोळं घालून सापडला. शेजारी डायनासोरचं अर्ध्या मीटरचं पिल्लू. भूवैज्ञानिक धनंजय मोहबे यांनी तो दगड 1984 मध्ये काढला होता, पण त्यात साप आहे हे कळायला 2001 साल आलं. सतरा वर्षं! भाच्याला एका मिनिटात दिसलं नाही म्हणून मी उगाच रागावलो होतो.

निघण्याआधी एक सकाळ पन्हाळ्यावर घालवा. "आपल्याकडं का नाही डायनासोर?" हा प्रश्न गाडीत येणारच, त्याचं उत्तर तिथं पायाखाली आहे. वरचा तांबडा जांभा, खाली काळा पाषाण. हा काळा पाषाण म्हणजे साधारण 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी थरावर थर वाहिलेला लाव्हा. रैयोलीचे जीवाश्म ज्या लॅमेटा नावाच्या खडकाच्या थरांत आहेत ते त्याच्याही आधीचे आणि त्याच्या खालचे. पोरांना सांगा, आपण झाकणावर राहतो.

बाकीचं सामान फार नाही. तळाला पकड असलेले बूट घ्या. कोल्हापुरी चप्पल कितीही लाडकी असली तरी त्या खडकावर नको. टोपी, प्रत्येकाची पाण्याची बाटली, साधं भिंग, वही, आणि फोटोत हाडाशेजारी ठेवायला पाच रुपयांचं नाणं. ठेच्याची बाटली घेतलीत तर तिकडची गोड डाळ खाताना माझी आठवण काढाल. अहमदाबादेला इथून सुटणारी थेट गाडी आठवड्यातून एकदाच आहे, त्यामुळं परतीचं तिकीट पुणे किंवा मुंबईमार्गे आधीच काढून ठेवा. अहमदाबादहून बालासिनोर दोनेक तासांवर. जागेवरचं संग्रहालय 2019 मध्ये सुरू झालं. कुठल्या दिवशी बंद असतं ते फोन करून विचारा, आणि आत जायच्या आधी खडकावर फिरा. आधी मोठे पुतळे पाहिले की पोरांना जमिनीवरचं हाड फिकं वाटतं.

हातोडी, छिन्नी, स्क्रूड्रायव्हर घरीच ठेवा. ही जागा राखीव आहे आणि ती का राखावी लागली हे पोरांना आधीच सांगा. कुंपण नव्हतं तेव्हा लोक तिथून अंडी उचलून नेत. गावात एका घरी अंड्याचा जीवाश्म मसाला वाटायला वापरात होता असं सांगतात. गेल्या खेपेला आमच्या भाच्यानंही एक गोटा खिशात घातला होता. साधा गारगोटीचा दगड निघाला, तरी तो गेटवरून परत जाऊन होता तिथं ठेवून यायला लावला आणि आमची पाऊण तासाची खोटी झाली. यंदा गेटपाशी सगळ्यांनी खिसे उलटे करून दाखवायचे, मामासकट.